गाळलेली ओळ

भुवनेश्वर,
१४ फेब्रुवारी २०००

पूज्य मउसा,

साष्टांग नमस्कार. काल रविवारी आपली बातमी पहिल्या पानावर आली. ‘आपली’ म्हणते, कारण त्यात माझं फारसं काही नाही. तीन वर्षं दर सोमवारी सिंगडा नाल्याचं पाणी बाटलीत भरून ठेवायचं, दुसऱ्या दिवशी तळाशी वीजकारखान्याची राख किती बोटं बसली ते बघायचं आणि पोस्टकार्डावर मला कळवायचं, हा सगळा उद्योग तुमचा. मी ती कार्डं तारखेप्रमाणे लावली आणि वर माझं नाव घातलं.

मथळा तुम्ही पाहालच: ‘बेलसरा: विषाच्या काठावरचं केउट कोळ्यांचं गाव’. हातात बाटली धरलेला तुमचा फोटो चार कॉलम आलाय. आमच्या कचेरीत लोक विचारत होते, हे मास्तर कोण? मी म्हटलं, नात्यातले नव्हेत, पण मावशीच्या यजमानांसारखे, म्हणून मउसा म्हणते.

खरं सांगू? चक्रीवादळानंतर तीन महिने मी किनाऱ्यावर होते. रोज प्रेतांचा आकडा पाठवायचा. आकडा वाढला की पहिलं पान, कमी झाला की पाचवं. परत आले तेव्हा वाटलं, आता ही नोकरी सोडावी. तुमच्या बातमीमुळे बऱ्याच दिवसांनी काहीतरी कामाचं केल्यासारखं वाटलं.

गावात काय म्हणतात? सविस्तर कळवा. माउसींना नमस्कार, तुमच्या लेकीला, मालतीला आशीर्वाद.

तुमची,
इंदुलेखा

*

बेलसरा,
६ मार्च २०००

चि. इंदुमा,

अनेक आशीर्वाद. पेपर पोचला. चहाच्या दुकानात एकाने तो मोठ्याने वाचला, मी मागच्या बाकावर होतो. वाचून झाल्यावर लोक चहाचे पैसे ठेवून उठले. आमच्याकडे मंडळी आधी ऐकून घेतात, बोलतात सावकाश.

फोटो स्वच्छ आलाय. तुझी माउसी म्हणते, “पेपरात जायचं होतं तर सदरा घालायला काय झालं होतं? सगळ्या ओडिशाला बनियन दाखवलात.”

गेल्या सोमवारी सव्वादोन बोटं. त्याआधीच्या सोमवारी दोन. पालंग्याच्या हाटात मासळीला उठाव नाही. ऊन लवकर पडलंय, त्यामुळे असेल.

पेपरच्या आणखी प्रती पाठवू नकोस. गावात पुष्कळ आहेत.

शुभाकांक्षी,
पद्मचरण बेहेरा

*

भुवनेश्वर,
१९ जून २०००

पूज्य मउसा,

नमस्कार. दिल्लीहून परवाच आले. आपल्या बातमीला मिळालेलं बक्षीस घेताना मी तुमचं नाव घेतलं, गावाचं घेतलं. बक्षीस देणाऱ्या बाई म्हणाल्या, “अशी माणसं आहेत म्हणून देश चाललाय.” सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि मग जेवायला गेले. मी तिथे एकटीच उभी होते. हॉटेलच्या खोलीत बाटलीबंद पाणी ठेवलं होतं, ते प्यायले आणि झोपले.

पण एक झालं. संपादकांनी मला पर्यावरणाची खास बातमीदार केलंय. आता दर पंधरा दिवसांनी एक पान माझं. आणि जानेवारीत कारखान्याबद्दल सरकारी सुनावणी लागायची शक्यता आहे. आपल्या बातमीनंतरच हे हललं.

तर आता पुढची बातमी. नाल्याकाठच्या विहिरीच्या पाण्याने गावातल्या मुलांचे दात पिवळे पडतात असं तुम्ही एकदा लिहिलं होतंत. मी छायाचित्रकार घेऊन येते. आठ-दहा मुली शाळेच्या ओट्यावर ओळीने बसवा, हसऱ्या. मालतीलाही घ्या, तिचं हसू गोड आहे.

रजसंक्रांतीच्या सणाचे गोड पोडोपिठे माउसींनी माझ्या वाटचे ठेवलेत ना?

इंदुलेखा

*

बेलसरा,
२४ जुलै २०००

चि. इंदुमा,

आशीर्वाद. रोपणीचे दिवस आहेत, मुली शेतात असतात. फोटोचं जमणार नाही. बाटली फुटली. दुसरी मिळाली की आकडा कळवीन.

पद्मचरण

*

भुवनेश्वर,
३ ऑक्टोबर २०००

पूज्य मउसा,

नमस्कार. दोन महिन्यांत तुमचं एक कार्ड नाही. मी दोन पत्रं पाठवली, त्यांना उत्तर नाही. एवढ्या मोठ्या गावात एक बाटली मिळत नाही?

आमचा जिल्ह्याचा वार्ताहर परवा कचेरीत आला होता. तो म्हणाला, बेलसऱ्याच्या शाळेला कारखान्याने नवे पत्रे घालून दिले आणि तुमच्या भावाच्या मुलाला तिथे रखवालदारीची नोकरी लागली. मी म्हटलं, आमचे मास्तर तसले नाहीत. तो हसला. म्हणाला, “ताई, तसला कोणीच नसतो, शेवटी सगळ्यांना घर चालवायचं असतं.”

मउसा, या धंद्यात मला सतरा वर्षं झाली. या सतरा वर्षांत माझी माणसं एकेक करून अशीच गप्प झाली. खाणीवरच्या संघटनेचा नेता ठेकेदार झाला, जंगलातला सरपंच गाडी घेऊन फिरतो. मी कोणाला दोष देत नाही, आता तेवढा जीवही उरला नाही. पण तुम्हीही काही ठरवलं असेल तर मला सरळ सांगा. फुटलेल्या बाटलीची सबब नको.

इंदुलेखा

*

बेलसरा,
१४ नोव्हेंबर २०००

चि. इंदुमा,

आशीर्वाद. तू सरळ विचारलंस, मीही सरळ लिहितो. उशीर झाला, कारण कार्तिक संपायची वाट पाहत होतो. कार्तिकात कोणीच मासळी खात नाही. आमची विकली गेली नाही तर कोणाचीच विकली जात नाही, म्हणून तो महिना आम्हाला बरा गेला.

आणि मग परवा छाडखाई आली. महिनाभर सोवळं पाळलेले लोक त्या दिवशी मासळीवर तुटून पडतात, हे तुला सांगायला नको. आमच्या बायका पहाटेच रोहू आणि भाकुर घेऊन पालंग्याला गेल्या. आमची फुला बुढी पन्नास वर्षं त्या हाटात बसते आहे. एका गिऱ्हाइकाने मासा हातात घेतला, कल्ले उघडून पाहिले, म्हणाला, “ताजा आहे. कुठला?” फुला खोटं बोलली, दुसऱ्या गावाचं नाव सांगितलं. शेजारचीने लगेच ओरडून सांगितलं, “बेलसऱ्याची आहे ती! पेपरातलं विषाचं गाव!” दुपारपर्यंत सगळा हाट रिकामा झाला, आमच्या पाट्या तेवढ्या भरलेल्या. फुला घरी आली ती थेट माझ्या दारात. पाटी माझ्या ओट्यावर उपडी केली आणि म्हणाली, “घे मास्तर. बाटलीत भरून मोज.”

हे फेब्रुवारीपासून असंच चाललंय. ऊन लवकर पडलं असं मी तुला लिहिलं, ते खोटं.

इंदुमा, आमची जाळी सिंगडा नाल्यात पडत नाहीत. त्या राखेत मासा राहीलच कसा? आमच्या होड्या दोन कोस वर, मोठ्या नदीत जातात. कारखान्याचं पाणी तिथे पोचतच नाही. हे मी तुला तुझ्या वहीत लिहून दिलं होतं, तूच म्हणाली होतीस, महत्त्वाचं आहे. बातमी छापली तेव्हा मी ती ओळ शोधली. चार वेळा वाचलं. सापडली नाही.

मालतीचं सांगतो. जेठ महिन्यात तिला बघायला मंडळी आली. चांगलं घर, मुलगा शिक्षक. तिच्या हातचा पिठा खाऊन झाल्यावर मुलाच्या वडिलांनी सदऱ्याच्या खिशातून घडी केलेलं कात्रण काढलं आणि चटईवर ठेवलं. मला म्हणाले, “हे तुम्हीच ना?” मी म्हटलं, “हो.” मग ते मालतीकडे वळून म्हणाले, “बाळ, जरा हसून दाखव.” तिला वाटलं कौतुकाने म्हणताहेत. ती हसली. त्यांनी दात पाहिले, पाणी प्यायले नाहीत आणि उठून गेले. त्यानंतर दहा दिवसांनी तुझं पत्र आलं, मुली हसऱ्या बसवा म्हणून. ते मी माउसीला वाचून दाखवलं नाही.

गावातली आणखी दोन लग्नं मोडली. श्रावणात सभा भरली आणि मला वाळीत टाकलं. आमच्याकडे कोणी येत नाही, आमच्या हातचं पाणी घेत नाही. मुलं तेवढी शाळेत येतात, कारण सरकारची शाळा आहे.

पत्रे कारखान्याने दिले, हे खरं आहे. मी नको म्हणालो असतो, पण सभेत मला बोलायची परवानगी नव्हती. आता मुलं पावसात कोरडी बसून पाढे म्हणतात. मी काय ते पत्रे उपटू? पुतण्याची नोकरीही खरी आहे. मासळी विकली गेली असती तर तो रखवालदार झाला नसता.

आकडे मी थांबवलेले नाहीत. बाटली फुटली नव्हती. पोस्टमन कार्ड वाचतो आणि गावात सांगतो, म्हणून पाठवणं बंद केलं. सगळे आकडे वहीत आहेत.

मला तुझ्याकडून एवढंच हवंय. ती एक ओळ छाप.

पद्मचरण

*

भुवनेश्वर,
४ डिसेंबर २०००

पूज्य मउसा,

तुमचं पत्र वाचून दोन दिवस कचेरीत गेले नाही. मागच्या पत्रात मी जे लिहिलं त्याची लाज वाटते. क्षमा मागायलाही तोंड नाही.

ती ओळ माझ्या मजकुरात होती. आमचे मुख्य उपसंपादक त्रिलोचन बाबू जागा कमी पडली की काहीही कापतात. तशीच ती गेली असणार. मला छापून आल्यावरच कळलं.

ती आता छापायलाच हवी, पण एक अडचण आहे. सुनावणी अठरा जानेवारीला लागली. तीन वर्षांच्या खटपटीनंतर कारखान्याला पहिल्यांदाच उत्तर द्यावं लागणार आहे, आणि त्यांच्या विरुद्धच्या अर्जाला मुख्य आधार आपल्या बातमीचा आहे. त्याआधी पेपरने ‘आमची चूक झाली’ असं छापलं तर त्यांचा वकील तेवढंच कात्रण फडकवील. नाल्याची राख बाजूला राहील.

मउसा, फक्त दीड महिना. सुनावणीच्या दुसऱ्या दिवशी मी स्वतः छापून आणते.

इंदुलेखा

*

बेलसरा,
१८ डिसेंबर २०००

चि. इंदुमा,

आशीर्वाद. तुझं म्हणणं समजलं. दहा महिने काढले, आणखी एक काढू. वकिलाचं तू म्हणतेस ते बरोबर असेल. मला कोर्टकचेरीतलं कळत नाही.

तू कॅलेंडरात सुनावणीची तारीख बघतेस. इथे बायका हाटाचे दिवस मोजतात. मंगळवार आणि शनिवार. अठरा तारखेपर्यंत नऊ हाट आहेत.

मालतीला काल मी म्हटलं, अजून थोडं थांब, तुझी इंदुअपा छापणार आहे. ती भात पाखडत होती. म्हणाली, “बाबा, मी कुठे जाणार आहे? थांबलेलीच आहे.” तिने मान वर केली नाही. हल्ली बोलताना ती तोंडावर पदर धरते. घरातही.

त्रिलोचन बाबूंना माझा नमस्कार सांग. त्यांना मी कधी पाहिलेलं नाही, म्हणून रागावायचं म्हटलं तरी रागावता येत नाही.

अडीच बोटं.

पद्मचरण

*

भुवनेश्वर,
८ जानेवारी २००१

पूज्य मउसा,

सोबत कालच्या पेपराचं कात्रण आहे. पाचवं पान, खाली डावीकडे. ‘खुलासा’ म्हणून आलंय, खाली माझं नाव आहे. एवढंच लिहिलंय: बेलसऱ्याचे केउट सिंगडा नाल्यात मासे धरत नाहीत. त्यांची मासळी दोन कोस वरच्या मोठ्या नदीतली असते आणि कारखान्याचं पाणी तिथे पोचत नाही. ही माहिती बातमीदाराकडे पहिल्यापासून होती. ती न दिल्याने गावाचं नुकसान झालं, ही चूक बातमीदाराची आहे.

कालचा पेपर पालंग्यात कोणी वाचेल की नाही, ठाऊक नाही. म्हणून ऐंशी कात्रणं वेगळ्या पाकिटात पाठवली आहेत. बायकांना पाटीत ठेवता येतील.

त्रिलोचन बाबूंना मी तुमचा नमस्कार सांगितला नाही. त्यांनी काही केलेलं नव्हतं.

ती ओळ मी काढली, मउसा. बातमी लिहून झाली होती, चांगली उतरली होती. शेवटाकडे ती ओळ आली की सगळं सैल पडत होतं. वाचणाऱ्याला वाटलं असतं, मासळी चांगली आहे ना, मग एवढं काय बिघडलं? मला ते नको होतं. किनाऱ्यावरच्या तीन महिन्यांनंतर मला पहिलं पान हवं होतं, आणि प्रेतं न मोजता हवं होतं. मी पेन्सिलीने ती ओळ खोडली आणि चहा प्यायला गेले. परत आल्यावर तिची आठवणही राहिली नाही. तुमचं नोव्हेंबरचं पत्र येईपर्यंत नाही. आणि आल्यावरही मी तुम्हाला खोटंच लिहिलं.

मालती घरातही तोंडावर पदर धरते, हे वाचल्यावर अठरा तारखेपर्यंत थांबणं जमेना.

संपादक म्हणाले, “इंदुलेखा, सुनावणी आपल्याच जिवावर लागली आणि आपणच पाय ओढतोय. बक्षीस दिलेल्यांना काय सांगू?” मी म्हटलं, “माझं नाव सांगा.” त्यांनी छापलं, पण पान माझ्याकडून काढून घेतलं. आता मी रविवारच्या पुरवणीत पाककृती तपासते. काल कोणीतरी डालमात मोहरी दुप्पट लिहिली होती, ती दुरुस्त केली.

सुनावणीला मला जाता येणार नाही. दुसऱ्या कोणाला पाठवतील की नाही, सांगता येत नाही.

इंदुलेखा

*

बेलसरा,
२२ जानेवारी २००१

इंदुमा,

तुझं पत्र वाचून मला राग आला. खूप आला. त्रिलोचन बाबूंवर येत नव्हता तोही तुझ्यावर आला. हे तुला कळलं पाहिजे म्हणून आधी लिहितो.

आता सुनावणीचं. कात्रणं आली ती मी चहाच्या दुकानात नेऊन ठेवली आणि घरी आलो. वाळीत टाकलेला माणूस, थांबून करू काय? संध्याकाळी माझा भाऊ गोबर्धन दारात आला. ओट्यावर चढला नाही, खालूनच म्हणाला, “दादा, अठराला ट्रेकर जीप ठरवलीय. नऊ जण आहोत. तू पुढे बस.” एवढंच बोलला आणि गेला.

तू म्हणाली होतीस तसंच झालं. कारखान्याच्या वकिलाने उभं राहताच तुझं कात्रण काढलं. म्हणाला, “सर, ज्या पेपराने एवढा गाजावाजा केला, त्याच पेपराने चूक कबूल केली आहे. तक्रारीत उरलं काय?” सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी मान डोलावली.

मी हात वर केला. साहेब म्हणाले, “तुम्ही कोण?” मी म्हटलं, “बेलसऱ्याचा केउट आणि प्राथमिक शाळेचा मास्तर. साहेब, चूक मासळीची होती, राखेची नाही. मासळी आम्ही नदीची खातो. पाणी मात्र नाल्याच्या कडेच्या विहिरीचं पितो.” वकील म्हणाला, “याला पुरावा?” मी आकड्यांच्या चार वह्या टेबलावर ठेवल्या. गोबर्धनने स्वतःच्या पोराला पुढे ढकललं, रखवालदाराच्या गणवेशातच, आणि त्याला म्हणाला, “दात दाखव.” तो लाजला. मग त्याने दाखवले. आणि मग आमचे सगळे नऊच्या नऊ जण, म्हातारे धरून, तोंड उघडून उभे राहिले. कोणी हसलं नाही.

साहेबांनी वह्या ठेवून घेतल्या. मी पावती मागितली. शिपाई म्हणाला, “पावतीची पद्धत नाही.” आम्ही बाकावर बसून राहिलो. शेवटी दिली.

निकाल असा: विहिरींची तपासणी होईल, तोवर रोज दोन टँकर. राखेच्या बांधाचं पुढच्या तारखेला. पुढची तारीख जूनमध्ये. टँकर कालपर्यंत एकच आला.

वकिलाच्या हातात कात्रण नसतं तर काय झालं असतं, ते मला माहीत नाही. आणि ते छापलं नसतं तर त्या ट्रेकरमध्ये मी एकटाच असतो, हेही तितकंच खरं.

पालंग्यात मासळी अर्धी विकली जाते. मालतीने कटकला नर्सिंगचा अर्ज भरलाय. लग्नाचं नंतर बघू म्हणते.

पद्मचरण

*

भुवनेश्वर,
५ मार्च २००१

पूज्य मउसा,

नमस्कार. तुमचा राग कळला. तो लिहिलात, याचं बरं वाटलं.

मी बदली मागितली. तुमच्या जिल्ह्याचा वार्ताहर राजधानीत यायला कधीपासून धडपडत होता, त्याच्या जागेवर. संपादकांना वाटलं मी चेष्टा करतेय. “तिथे दिवसाला दोन अपघात आणि एक उद्घाटन. तुझी सतरा वर्षं तिथे घालवणार?” मी म्हटलं, “हो.” त्यांनी त्याच दिवशी सही केली. अशा जागेसाठी कोणी भांडत नाही.

आईला वाटतं मला शिक्षा झाली. मला फक्त दमल्यासारखं वाटतं. इथे बसून लिहिलं की बातमी छापून होते आणि मी दुसरीकडे जाते. पुढे तिचं काय होतं, ते नऊ महिन्यांनी पत्रातून कळतं, तेही कोणी कळवलं तर. आता चुकीचं लिहिलं तर लोकांना माझं दार माहीत असेल, एवढं तरी होईल.

जूनच्या तारखेला मी असेन. त्याआधी बेलसऱ्याला यायचंय. येऊ का? नको म्हणालात तरी चालेल.

इंदुलेखा

*

बेलसरा,
१२ मार्च २००१

चि. इंदुमा,

आशीर्वाद. जिल्ह्याच्या गावी बसस्टँडजवळची खोली घेऊ नकोस, तिथे दिवसभर कोळशाचे ट्रक थांबतात. पोस्टामागे एका विधवा बाईंचं घर आहे, मी विचारून ठेवलंय. विहीर चांगली आहे.

ये. शनिवारी नको, बायका हाटाला असतात. रविवारी ये.

सगळे तुझ्याशी बोलतील असं समजू नकोस. ज्यांची लग्नं मोडली त्या दोन घरांकडे मी तुला नेणार नाही. त्यांनी बोलावलं तर जाऊ. फुला बुढीने मात्र सांगून ठेवलंय, “ती बाई आली की आधी माझ्याकडे आण.” काय म्हणणार ते सांगत नाही. तिची जीभ कशी आहे ते गावाला ठाऊक आहे, आणि मी तिला थांबवणार नाही.

ती तुला ओट्यावर बसवील आणि छाडखाईच्या दिवसापासून सुरुवात करील. दोन तास तरी लागतील. मधे उठू नकोस, समजावायला जाऊ नकोस, आणि काही लिहून घेऊ नकोस. नुसती ऐक. मग आमच्याकडे जेवायला ये.

पद्मचरण